बलीन नसलेला बलीन व्हेल : जानजुसीटस

राजहंसगड

मंडळी, इथं पाऊस, ऊस आणि सीमाप्रश्न सोडून दुसरा धागा काढला की तीन प्रतिसादांत मरतो, हे ठाऊक असूनही काढतोय. विषय आहे अडीच कोटी वर्षांपूर्वीचा एक व्हेल.

ऑस्ट्रेलियाच्या दक्षिण टोकाला, व्हिक्टोरिया राज्यात, जान जुक नावाचं किनाऱ्यावरचं गाव आहे. लाटांवर फळी घेऊन खेळणाऱ्यांचं ठिकाण. १९९० च्या दशकाच्या शेवटी स्टॉम हंडर नावाच्या अशाच एका पोराला तिथं एका दगडात हाडं दिसली. ती मेलबर्नच्या वस्तुसंग्रहालयात पोचली. तेव्हा मोनाश विद्यापीठात पीएचडी करणाऱ्या एरिक फिट्झजेराल्ड यांनी त्यांचा अभ्यास करून २००६ साली वर्णन छापलं. नाव ठेवलं जानजुसीटस हंडेरी. गावाचीही आठवण राहिली आणि पोराचीही.

आता प्राणी कसा होता बघा. लांबी साधारण साडेतीन मीटर. आजचा निळा देवमासा तीस मीटरपर्यंत जातो, त्यापुढं हा अगदीच किरकोळ. थोबाड आखूड, मागे रुंद आणि पुढे निमुळतं. डोळ्यांच्या खोबणी कवटीच्या मानानं भल्यामोठ्या. तोंडात दात, आणि साधेसुधे नव्हेत. पुढचे सुळ्यासारखे टोकदार, मागच्या दाढा दोन मुळांच्या, कडेला करवतीसारखे दाते असलेल्या. पकडायचं पुढच्यांनी आणि कापायचं मागच्यांनी असा कारभार. डॉल्फिनसारखं आवाज सोडून प्रतिध्वनीवरून शिकार हुडकायचं तंत्र याच्याकडं असल्याची खूण कानाच्या हाडांत मिळत नाही, म्हणजे भिस्त त्या मोठ्या डोळ्यांवर. फिट्झजेराल्ड यांनी त्याच्या शिकारीची तुलना अंटार्क्टिकातल्या लेपर्ड सीलशी केली होती. एकेक मोठा मासा हेरायचा, धरायचा, फाडायचा.

आणि हा प्राणी शास्त्रज्ञांनी कुठं बसवला? निळा देवमासा, हंपबॅक, ब्राइड्स यांच्या घराण्यात. ज्यांच्या तोंडात औषधालाही दात नाही, दातांऐवजी खाणं गाळायची बलीनची जाळी आहे, त्यांच्या घरात. धागा काढण्याचं कारण एवढंच, की माणसं बहुतेकदा 'वा, काय विचित्र प्राणी' म्हणून पुढं जातात, आणि खरी गंमत आहे ती हा इथं बसवला कशावरून यात.

तिसरं_रेल्वेगेट

तीन प्रतिसादांत मरतो म्हणालात, हा घ्या पहिला. या व्हेलची उलटी मिळते काय? पेपरात अधूनमधून वाचतो, अमक्या गाडीत इतके किलो जप्त, किंमत कोटींत. अडीच कोटी वर्षं जुनी म्हणजे भाव चढलाच असणार.

राजहंसगड

गेट, ती उलटी म्हणजे अंबरग्रीस, आणि ते फक्त स्पर्म व्हेलच्या आतड्यात तयार होतं. स्पर्म व्हेल दातवाल्या घराण्यातला, या घराण्याशी संबंध नाही. शिवाय वन्यजीव कायद्याखाली त्याचा व्यापार बंद आहे. तेव्हा तो धंदा डोक्यातून काढा.

शहापूरची_सुमन

लिहिलंय छान खरं मला एक कळेना. ज्याच्या तोंडात बलीन नाही त्याला बलीन व्हेल म्हणायचं, आणि वर दातही आहेत तर दातवाल्यांत का घालत नाहीत? सरळ आहे की. दात आहेत, दातवाला. विषय संपला. इतकं सोपं सोडून वाकडं कशाला शिरूलालेत हे लोक?

निपाणीकर

सुमनताईंशी सहमत. आणि माझी एक शंका. एका कवटीवरून साडेतीन मीटर लांबी कशी काढली? आमच्याकडं जिवंत बैलाचं वय दात बघून सांगताना दोन जाणकार दोन आकडे सांगतात.

राजहंसगड

सुमनताई, हाच प्रश्न यावा म्हणून वाट बघत होतो.

दात हा जुना माल आहे. सगळ्याच व्हेलच्या पूर्वजांना दात होते, तेव्हा 'दात आहेत' यावरून एवढंच कळतं की पूर्वजांकडून आलेली गोष्ट याच्यात अजून टिकून आहे. कुठल्या शाखेत गेला ते त्यावरून कळत नाही. आद्यपक्षी आर्किऑप्टेरिक्सच्या जबड्यातही दात होते, म्हणून त्याला कुणी सरड्यांत ढकलत नाही. शाखा ठरते ती नव्यानं आलेल्या बदलांवरून, आणि ते बदल कवटीत असतात.

वरच्या जबड्याचं मुख्य हाड घ्या, मॅक्सिला. व्हेलच्या दोन्ही घराण्यांत हे हाड मागे सरकत गेलंय, खरं वेगवेगळ्या वाटेनं. डॉल्फिन, स्पर्म व्हेल या दातवाल्यांमध्ये ते डोळ्याच्या खोबणीच्या वरून मागे जातं आणि कपाळाच्या हाडावर पसरतं. बलीनवाल्यांमध्ये त्याची एक पातळ पट्टी खोबणीच्या खालून मागे जाते. डोळ्याच्या वर की खाली, एवढ्यावर निम्मा निकाल लागतो. जानजुसीटसमध्ये ती पट्टी खाली आहे. वरचा जबडा बुडाशी रुंद पसरलेला, हेही बलीन घराण्याचंच लक्षण. असे बरेच बारीक मुद्दे मांडून, इतर व्हेलशी ताडून, मग त्याची जागा ठरवली. तोंडात काय सामान आहे त्यावर ती ठरलेली नाही.

निपाणीकर, फक्त कवटी नव्हती. खालचे जबडे, काही मणके, बरगड्या, खांद्याची हाडं असंही मिळालंय. आणि लांबीचा अंदाज कवटीची रुंदी आणि शरीराची लांबी यांच्या प्रमाणावरून काढतात, ते प्रमाण ज्ञात व्हेलवरून बांधलेलं असतं. 'साधारण' म्हणालो ते त्यासाठीच. तुमच्या बैलांच्या जाणकारांपेक्षा फार वेगळं नाही, फक्त आकडा कसा काढला ते यांना लिहून द्यावं लागतं.

चिकोडीचा_दंतवैद्य

दातांचा विषय निघाला म्हणून राहवलं नाही. गेल्या दोन दिवसांत पेशंटपेक्षा याच्या दाढांचे फोटो जास्त बघितलेत.

आजच्या बलीन व्हेलला दात नाहीत हे बरोबर, खरं आईच्या पोटात असताना असतात. गर्भाच्या हिरडीत दातांचे अंकुर येतात, थोडे वाढतात आणि जन्माआधीच विरघळून जातात. मग त्या जागेच्या आसपास बलीन वाढायला लागतं. फ्रेंच शास्त्रज्ञ झोफ्रुआ सेंत-इलेर यांनी हे एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच नोंदवलं होतं. डार्विनच्या कितीतरी आधी.

दुसरी गोष्ट माझ्या धंद्याशी जास्त जवळची. दातावरचा सगळ्यात कडक थर, ज्याला आम्ही इनॅमल म्हणतो, तो बनवायला ठरावीक जनुकं लागतात. आजच्या बलीन व्हेलमध्ये ही जनुकं आहेत खरं मोडकी. मध्येच अक्षरं गळालेली, मध्येच 'थांबा' अशी खूण आलेली. त्यातलं एमएमपी२० नावाचं जनुक घ्या. २०११ साली मेरेडिथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवलं की आजच्या सगळ्या बलीन व्हेलमध्ये हे एकाच जागी, एकाच पद्धतीनं बिघडलंय. म्हणजे तो बिघाड त्यांच्या सामाईक पूर्वजातच झाला आणि वारशानं सगळ्यांना मिळाला. माणसात हेच जनुक बिघडलं तर दात पिवळट-तपकिरी, ठिसूळ येतात. असे पेशंट आम्हाला क्वचित का होईना, बघायला मिळतात. त्यामुळं व्हेलच्या जनुकाचा हा उल्लेख वाचताना मी खुर्चीत सरसावून बसलो.

तेव्हा सुमनताई, दात असलेला पूर्वज नसता तर या दोन्ही गोष्टींचा अर्थ लावता आला नसता. जीवाश्म हाती नसतानाही तो असणार हे सांगता येत होतं. जानजुसीटस आणि त्याच्या भाऊबंदांनी तो नुसता समोर आणून ठेवला.

शहापूरची_सुमन

पोटात असताना दात येतात आणि विरघळतात हे माहीत नव्हतं. बरं, पटलं. म्हणजे अर्धं पटलं. बलीन म्हणजे नेमकं काय ते कुणी सांगेल काय? मी बघितलेलं नाही, आमचा समुद्र म्हणजे गोव्याला लग्नाला गेलो तर.

कारवारी_बांगडा

सुमनताई, मी बघितलंय, हात लावून. किनाऱ्यावर मेलेला एक व्हेल आला होता, मी तेव्हा शाळेत होतो. वास असा की गावातली कुत्रीसुद्धा लांब उभी. जबडा उघडा पडलेला, आणि वरच्या टाळूच्या कडेनं काळपट पट्ट्यांची रांग खाली लोंबत होती, एकाला एक लागून. पट्टीची बाहेरची कड गुळगुळीत, नखासारखी. आतली कड मात्र झिजून तिचे केस सुटलेले, राठ. सगळ्या पट्ट्यांचे केस आत एकमेकांत गुंतून जाड जाळी झालेली. माझ्या चुलत्यांनी एक केस ओढून बघितला, तुटेना. हाड नाहीच ते, आपली नखं-केस ज्याची असतात त्याच केरॅटिनचं.

तोंड उघडून पाणी आणि त्यातली बारीक मासळी, झिंग्यासारखे जीव असं सगळं एकदम आत घ्यायचं, मग तोंड मिटत आणून जिभेनं पाणी बाहेर ढकलायचं. पाणी जाळीतून जातं, खाणं आत राहतं.

शहापूरची_सुमन

म्हणजे भाताची पेज निथळतो तसं. झाकण तिरपं धरायचं, पेज बाहेर, शितं आत. हे असं सांगितलं की कळतं बघा.

कारवारी_बांगडा

अगदी तसंच. आपल्या पश्चिम किनाऱ्याला ब्राइड्स व्हेल दिसतात, ते बलीनवालेच. २०२३ च्या नोव्हेंबरात गणपतीपुळ्याला व्हेलचं पिल्लू वाळूत आलं होतं ते आठवत असेल सगळ्यांना. लोकांनी पाणी मारून, ओलं ठेवून, समुद्रात नेऊन सोडायचा खूप खटाटोप केला. वाचलं नाही. आईपासून तुटलेलं पिल्लू नुसतं पाण्यात ढकलून जगत नाही, त्याला दूध लागतं.

मलप्रभा_मास्तर

धागा आवडला. मी खानापूर तालुक्यात मराठी शाळेत विज्ञान शिकवतो. उत्क्रांती शिकवताना मधला दुवा म्हणून आर्किऑप्टेरिक्स येतो आणि तास संपतो. पोरं विचारतात, सर एकच दुवा आहे काय? पुढच्या खेपेला व्हेल सांगणार. एक विनंती, राजहंसगड, भारताचा काही संबंध असेल तर लिहा. पोरांना ऑस्ट्रेलिया म्हटलं की क्रिकेटच आठवतं.

राजहंसगड

सर, संबंध आहे, आणि चांगला दांडगा आहे. जानजुसीटस ही मधली पायरी झाली. जिन्याचा तळ आपल्याच उपखंडात आहे.

व्हेलची सुरुवात साधारण पाच कोटी वर्षांपूर्वी, भारतीय उपखंड आशियाला भिडत असताना मध्ये जो उथळ समुद्र होता त्याच्या काठावर झाली. पाकिसीटस पाकिस्तानातला, चार पायांवर चालणारा. हिमाचलच्या सुबाथू खडकांतून सुनील बाजपाई आणि फिलिप जिंजरिच यांनी १९९८ साली हिमालयासीटसचा जबडा मांडला. कच्छमधून अशोक साहनी आणि विजयप्रकाश मिश्रा यांनी १९७० च्या दशकात लांब थोबाडाचे जुने व्हेल उजेडात आणले, रेमिंग्टनोसीटस त्यातलाच. पुढं तिथलाच कच्छिसीटस २००० साली आला.

यातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट इंडोह्यसची. जम्मू-काश्मीरमधल्या कालाकोटहून ए. रंगा राव या भूवैज्ञानिकांनी दगडांचे ढीग जमवून ठेवले होते. त्यांच्या निधनानंतर ते दगड त्यांच्या पत्नीनं अमेरिकेतल्या हान्स थेविसन यांच्या हवाली केले. दगडातून हाडं मोकळी करताना एक कवटी तुटली आणि तिच्या आतलं कानाचं हाड दिसलं. त्याची आतली भिंत जाड होती. अशी जाड भिंत तोवर फक्त व्हेलमध्येच माहीत होती. दिसायला हा प्राणी पायाला खूर असलेला, मांजरापेक्षा थोडा मोठा, हरणाच्या चेहऱ्याचा. २००७ साली 'नेचर' या शोधपत्रिकेत तो व्हेलचा जवळचा नातलग म्हणून आला. सुमनताई, परत तेच. बाहेरून हरीण, आणि ओळख पटली कानातल्या एका हाडावरून.

तिसरं_रेल्वेगेट

ते सगळं ठीक आहे, खरं बेळगावात काय मिळेल ते सांगा की. कच्छला व्हेल, काश्मीरला व्हेल, आणि आमच्याकडं फक्त कुंदा? अन्याय आहे हा. केंद्रानं लक्ष घालावं.

गोकाकचा_खडक

गेट, तुमच्या अन्यायावर उत्तर देतो. माझं भूगर्भशास्त्राचं शिक्षण झालंय, पोटापाण्याला क्रशरचा धंदा करतो, त्यामुळं जिल्ह्यातले दगड रोज फुटताना बघतो.

बेळगाव-खानापूर पट्ट्यात वर जांभा आणि खाली काळा दगड, म्हणजे दख्खनचा लाव्हा. तो साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. पहिला व्हेल ५ कोटींच्या आसपासचा. म्हणजे आपला काळा दगड थंड झाला तेव्हा व्हेल जन्मालाच यायचे होते, आणि लाव्हा ही काही हाडं जपायची जागाही नव्हे. दोन लाव्हांच्या मधल्या काळात तळी साचली, तिथल्या गाळात गोड्या पाण्यातल्या गोगलगायी आणि झाडंझुडपं मिळतात, तेवढंच. पूर्वेकडं गोकाकला आलात की घटप्रभा ज्या खडकावरून उडी घेते तो कलादगीचा वालुकाश्म. तो इतका जुना की तेव्हा समुद्रात मासेसुद्धा नव्हते. बागलकोटकडं त्याच कलादगीच्या चुनखडीत सूक्ष्मजीवांनी थरावर थर चढवलेल्या गाठी दिसतात, स्ट्रोमॅटोलाइट म्हणतात त्यांना. अडीच कोटी वर्षांपूर्वीच्या समुद्राचा गाळ आपल्या पठारावर नाही. तेव्हा व्हेल मिळणार नाही, आशा सोडा.

खरं गेंडा मिळालेला आहे! गोकाकजवळ चिकदौली गावात. रॉबर्ट ब्रूस फूट, भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातले, ज्यांनी १८६३ मध्ये मद्रासजवळ पल्लावरमला अश्मयुगीन हातकुऱ्हाड हुडकली तेच. त्यांनी १८७४ साली या गेंड्याचं वर्णन छापलं, नाव दिलं ऱ्हायनोसेरॉस डेक्कानेन्सिस. दक्षिण मराठा मुलखाच्या भूगर्भावर त्यांचा आख्खा ग्रंथ आहे, १८७६ चा. आमच्या तालुक्यात शंभरातल्या एकालाही हे ठाऊक नाही. करदंट मिठाईचं दुकान मात्र कुणीही दाखवेल.

तिसरं_रेल्वेगेट

गेंडा?? गोकाकात?? मागणी मागे घेतो.

निपाणीकर

गेंडा भारी आहे. खरं मुद्द्यावर या. दात होते, मग बलीन आलं. मधल्या काळात काय होतं? एक दिवस दात पडले आणि दुसऱ्या दिवशी जाळी लागली असं तर होणार नाही. जनावर मध्ये उपाशी राहील की.

राजहंसगड

निपाणीकर, यावर शास्त्रज्ञांत अजून रीतसर भांडण चालू आहे. तीन पक्ष आहेत.

पहिला पक्ष म्हणतो, आधी दातांनीच गाळायचे. अंटार्क्टिकात क्रॅबईटर नावाचा सील आहे, त्याच्या दातांची नक्षी अशी की जबडा मिटला की दातांचीच गाळणी होते. २०१७ साली अमेरिकेतल्या साउथ कॅरोलिनामधून कोरोनोडॉन नावाचा साधारण तीन कोटी वर्षांपूर्वीचा व्हेल मांडला गेला. त्याच्या मोठमोठ्या दाढांच्या फटींतून पाणी गाळलं जात असावं असा तिथं अंदाज केला. त्याच वर्षी हॉकिंग, फिट्झजेराल्ड आणि मंडळींनी जुन्या व्हेलच्या दातांची धार त्रिमितीय प्रतिमांवर मोजली, सिंह आणि सीलच्या दातांशी लावून बघितली. दात निघाले मांसाहाऱ्यांसारखे धारदार. गाळणाऱ्या सीलचे दात बोथट असतात. म्हणून त्यांनी लिहिलं की हे दात कापायचे, गाळायचे नव्हेत.

दुसरा पक्ष : दात आणि बलीन काही काळ एकाच तोंडात नांदले. याचा नायक अमेरिकेतल्या ओरेगनचा जुना व्हेल एटिओसीटस. आजच्या बलीन व्हेलच्या टाळूत कडेला बारीक छिद्रं असतात, बलीनला रक्त पुरवणाऱ्या वाहिन्यांची. २००८ साली थॉमस डेमेरे आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की एटिओसीटसला दात तर आहेतच, वर तशी छिद्रंही आहेत. २०२२ मध्ये पेरेडो, पायनसन आणि उहेन यांनी हरकत घेतली, की अशी छिद्रं बलीन नसलेल्या प्राण्यांच्या टाळूतही असतात, एवढ्यावर बलीन सिद्ध होत नाही. बलीन केरॅटिनचं, ते सहसा दगडात उतरत नाही, त्यामुळं साक्षीदार मिळणं कठीण.

तिसरा पक्ष मला सगळ्यात धीट वाटतो. त्यांचं म्हणणं, मधे दातही नव्हते आणि बलीनही नव्हतं. २०१८ साली मायाबालीना नावाचा ३.३ कोटी वर्षांपूर्वीचा ओरेगनचाच व्हेल मांडला. कवटी १९७० च्या दशकात मिळालेली, अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संग्रहालयात पडून होती. सीटी स्कॅन केल्यावर दिसलं की दात नाहीत आणि बलीन धरायला लागतो तसा टाळूही नाही.

निपाणीकर

मग खात काय होता, हवा?

चिकोडीचा_दंतवैद्य

ओढून खात होता. तोंड पटकन उघडायचं, जीभ आणि घशाचे स्नायू मागे खेचायचे, पाण्याबरोबर भक्ष्य आत. दात नसलेल्या आजोबांना रस्सा ओढताना बघा. आजही बेलुगासारखे काही व्हेल असंच खातात, दात असून चावत नाहीत.

राजहंसगडांच्या तीन पक्षांत मी दुसऱ्याकडं झुकतो, आणि कारण माझं साधं आहे. गर्भात दाताचा अंकुर विरघळतो आणि बलीन वाढायला लागतं, या दोन गोष्टी लागोपाठ, जवळजवळ हातात हात घालून होतात. मधे मोठी रिकामी जागा दिसत नाही.

राजहंसगड

डॉक्टर, गर्भातला क्रम म्हणजे इतिहासातला क्रम असं धरता येत नाही, ते फार जुनं भांडण आहे. आणि ओढून खाण्याला जानजुसीटसच्या कुटुंबातूनच थोडा आधार मिळतो. त्याच किनाऱ्यावर त्याचा सख्खा नातलग मॅमॅलोडॉन मिळालाय. तो १९३९ सालीच नावारूपाला आला होता. त्याचं थोबाड आणखी आखूड, बोथट, आणि दात झिजून खुंट झालेले. तळाच्या वाळूगाळातून भक्ष्य ओढून घेत असावा असं फिट्झजेराल्ड यांनी २०१० मध्ये मांडलं.

खुद्द जानजुसीटसचा खालचा जबडा यात फार बोलका आहे. आजच्या बलीन व्हेलमध्ये खालच्या जबड्याच्या दोन फांद्या हनुवटीशी हाडानं जोडलेल्या नसतात, मधे लवचीक सांधा असतो. म्हणून तोंड एवढं फाकतं. जानजुसीटसमध्ये त्या हनुवटीशी घट्ट सांधलेल्या आहेत, अगदी जुन्या व्हेलसारख्या. २०१२ सालचा फिट्झजेराल्ड यांचा लेख याच मुद्द्यावर आहे. म्हणजे वरचा जबडा आधी रुंद झाला, खालचा सैल व्हायला अजून अवकाश होता. बलीन व्हेल हा एका झटक्यात तयार झालेला संच नाही. रुंदी आधी आली, सैल हनुवटी नंतर, दात केव्हातरी गेले, बलीन केव्हातरी आलं, आणि प्रत्येक पायरीवरचं जनावर त्या दिवशी पोटभर खाऊन जगत होतं. निपाणीकरांच्या उपाशी जनावराला माझ्याकडं उत्तर असेल तर हे.

चिकोडीचा_दंतवैद्य

गर्भाच्या क्रमाबद्दल तुमचा मुद्दा बरोबर आहे, खरं मी पक्ष सोडत नाही. एटिओसीटसचे स्कॅन बघा एकदा, दाताच्या खोबणीपासून छिद्रापर्यंत वाहिन्यांच्या वाटा दिसतात.

मलप्रभा_मास्तर

मुलांचा पुढचा प्रश्न मी आत्ताच विचारून ठेवतो. साडेतीन मीटरवरून तीस मीटर कधी झालं? गाळून खायला लागल्यावर लगेच?

राजहंसगड

नाही सर. २०१७ साली स्लेटर, गोल्डबोगेन आणि पायनसन यांनी जिवंत आणि जीवाश्म बलीन व्हेलच्या लांब्या एकत्र मांडल्या. दहा मीटरच्या पुढची अवाढव्य शरीरं ही गेल्या ४५ लाख वर्षांतली गोष्ट निघाली. उत्तर गोलार्धात बर्फ वाढलं, ठरावीक जागी, ठरावीक ऋतूत तळाचं थंड पाणी वर यायला लागलं आणि तिथं खाणं दाट जमायला लागलं. अशा वेळी मोठं तोंड आणि लांबचा पल्ला गाठणारं शरीर फायद्याचं.

मधे एक अपवाद आहे आणि तो मला सोडवत नाही. अंटार्क्टिकाजवळच्या सेमूर बेटावर ३.४ कोटी वर्षांपूर्वीचा लॅनोसीटस मिळाला. १९८९ मध्ये जबड्याच्या तुकड्यावरून नाव दिलेला, आणि २०१८ मध्ये फोर्डाइस आणि मार्क्स यांनी पूर्ण कवटी मांडली. आठ मीटरचा, दातवाला, दातांत मोठमोठ्या फटी, आणि गाळत नव्हता. म्हणजे जानजुसीटसच्या नव्वद लाख वर्षं आधी त्याच्या दुप्पट मोठा भाऊबंद होऊन गेला होता. लहानाचा मोठा, मोठ्याचा आणखी मोठा अशी सरळ रेघ मुलांना काढून दाखवू नका.

कारवारी_बांगडा

जान जुकला नंतर काही मिळालं की तेवढ्यावरच थांबलं?

राजहंसगड

मिळालं की. २०१९ साली रॉस डलार्ड नावाच्या एका शाळेच्या प्राचार्यांना त्याच किनाऱ्यावर फिरताना कवटीचा भाग आणि दात मिळाले. २०२५ च्या ऑगस्टमध्ये नवी जात म्हणून जाहीर झाली, जानजुसीटस डलार्डी. हे पिल्लू होतं, जेमतेम दोन मीटरचं. वयानं कोवळं असल्यामुळं दात फारसे झिजलेले नाहीत, आणि कानाची हाडंही हाती आली.

मलप्रभा_मास्तर

एक सर्फिंगवाला पोरगा आणि एक हेडमास्तर. पोरांना हे सांगतोच. खडकसाहेब, चिकदौलीला मुलांना आणायचं म्हटलं तर काही बघण्यासारखं आहे काय?

गोकाकचा_खडक

मास्तर, गेंड्याचं तिथं आता काही नाही, दीडशे वर्षं झाली. धबधब्याजवळच्या वालुकाश्मात मात्र लाटांच्या वळ्या दगड झालेल्या दाखवतो, त्या हातानं चाचपता येतात. पावसाळा सोडून या, तेव्हा खडक निसरडा असतो. आणि घण-हातोडा पोरांच्या हातात देऊ नका, ते माझ्याकडं रोज बघतोच.

तिसरं_रेल्वेगेट

मी पण येणार. करदंट कोण घेणार ते आधी ठरवा.